शपथेचे कोंबडे

आमच्या कोपऱ्यावरचे किराणा दुकानदार अंडं कानाला लावायचे. टेलिफोनचा रिसीव्हर लावावा तसं, मान किंचित तिरकी करून. दुसरा हात समोरच्या गिऱ्हाइकाला ‘थांबा’ म्हणून वर गेलेला असायचा. मग ते अंड्यालाच विचारायचे, "हाय काय कोणी घरी?"

साखर घ्यायला आलेली बाई पिशवीचं तोंड उघडं धरून तशीच उभी. तराजूचं एक पारडं खाली टेकलेलं. अंड्याकडून काय उत्तर यायचं ते त्यांनाच ठाऊक; पण त्यांचा चेहरा उजळला की आम्ही समजायचो, घरी कोणीतरी आहे. अंडं हलक्या हाताने पेटीत परत जायचं आणि मग साखरेचं माप व्हायचं, तेही झुकतं. आम्हा बायकांच्या हे लक्षात यायला वेळ लागला नाही. पेटीत अंडी असतील तेव्हाच महिन्याचा किराणा भरायचा, असं आम्ही ठरवूनच टाकलं होतं. तुमच्याही वस्तीत असा एखादा दुकानदार असेल. त्याच्या खुशीचे दिवस गिऱ्हाइकांना त्याच्या बायकोआधी कळतात.

सगळे त्यांना शेठजी म्हणत. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला आम्ही वर्ध्याजवळ बोरगाव मेघेत घर बांधलं तेव्हा वस्ती विरळ होती. दोन घरांच्या मध्ये रिकामे प्लॉट, प्लॉटांत बाभळी आणि बेशरमाची झुडपं. राहणारे बहुतेक आमच्यासारखेच, गावाकडे शेती आणि इकडे नोकरी. शेठजींचं घराणं मात्र व्यापाऱ्यांचं. अंगात पांढरी बंडी, कपाळाला केशरी गंध आणि दुकानाला लागूनच मागे घर. त्या घरात चातुर्मासात कांदा-लसूणसुद्धा शिरत नसे. शेठजींनी जन्मात अंडं खाल्लं नव्हतं, दुकानात विकायलाही ठेवलं नव्हतं.

मग हा माणूस अंड्यांच्या नादी लागला कसा? तर निव्वळ इमानदारीमुळे.

एका बाजाराच्या दिवशी खेड्यावरची कोणी बाई अंड्यांची टोपली त्यांच्या ओट्यावर ठेवून गेली. "ध्यान ठेवजा शेठजी, आलीच मी," म्हणाली, आणि आलीच नाही. त्या दिवशी नाही, पुढच्या बाजारालाही नाही. दिवस कडाक्याच्या थंडीचे होते. शेठजींना वाटलं, गारठ्याने अंडी नासतील, आणि उद्या बाई आली तर तिला तोंड काय दाखवायचं? त्यांनी चहापत्तीची रिकामी लाकडी पेटी घेतली, तळाला कापूस पसरला, त्यात अंडी मांडली, वरून गोदामातला बल्ब सोडला आणि पेटीच्या तोंडावर पोतं टाकलं. एक वाटी पाणीही आत ठेवलं, का, ते विचारल्यावर म्हणाले, "आग लागू नये म्हून." दुसऱ्याची अमानत म्हटल्यावर एकही कमी व्हायला नको, म्हणून सकाळ-संध्याकाळ एकेक अंडं उचलून मोजायचे आणि परत ठेवायचे.

नासू नयेत म्हणून अंडी ऊबेत ठेवायची आणि हरवू नयेत म्हणून रोज फिरवायची! कोंबडी तरी याहून वेगळं काय करते? तीनेक आठवड्यांनी हिंगाची डबी शोधताना त्यांना पेटीतून बारीक आवाज आला. उंदीर समजून ते काठी घेऊन गेले. पोतं उचललं आणि काठी तिथेच टाकून रस्त्यावर आले. त्यांच्या तळहातावर ओलं, डोळे मिचकावणारं पिल्लू होतं.

"बाप्पा बाप्पा," ते सगळ्या वस्तीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "अमानत उठून चालाले लागली!"

मागच्या दारात काकू उभ्या होत्या. काकू म्हणजे शेठजींच्या पत्नी. सोवळंओवळं त्यांच्या हाती. त्यांनी पिल्लाकडे पाहिलं, नवऱ्याकडे पाहिलं आणि एवढंच सांगितलं, "आंघोय केल्याबिगर घरात पाय ठेवाचा नाई." तो नियम शेवटपर्यंत टिकला. अंड्याला हात लागला की मागच्या नळाखाली आंघोळ. ऐन थंडीत शेठजी कुडकुडत अंग पुसून येत आणि दुकानात पाय ठेवतात न ठेवतात तोच त्यांना आठवे की कोपऱ्यातलं एक अंडं ऐकायचं राहिलं. मग पुन्हा कान, पुन्हा नळ. हा माणूस सर्दीने कसा गेला नाही याचं मला कायम नवल वाटतं.

टोपलीवाली बाई काही फिरकलीच नाही. पिल्लं मोठी झाली तशी ती वस्तीत वाटायची वेळ आली. शेठजींनी पैसा मागितला नाही. अट मात्र घातली. गिऱ्हाइकाचा हात धरून तराजूच्या दांडीवर ठेवायचा आणि म्हणायला लावायचं, "हे जनावर मी कापणार नाई." त्याच्या पोटच्या पिल्लांचं काही करा, शेठजींची हरकत नव्हती. "पुढचं तुमचं पुण्य, तुमचं पाप," ते म्हणत. "माह्या दुकानातून जीव गेला तं तो जीवच राह्यला पाह्यजे."

लोक हसत हसत शपथ घेत. पण तराजूवर ठेवलेला हात होता, शपथ मोडायचा धीर कोणाला झाला नाही. परिणाम असा की दोन-तीन वर्षांत आमच्या वस्तीत म्हातारे कोंबडे फार झाले. मरणाची भीती गेलेला कोंबडा कसा वागतो ते आम्ही पाहिलं आहे. तो रस्त्याच्या मधून चालतो, स्कूटरला वाट देत नाही आणि दुपारी आरवतो.

आमच्या शेजारी एकदा नवा जावई आला. अंगणात चार धिप्पाड कोंबडे फिरताना पाहून त्याच्या चेहऱ्यावर समाधान पसरलं. सासरेबुवा मात्र पिशवी घेऊन बाजारात निघाले. जावई गोंधळला. "मामाजी, बाजारात काऊन? घरी हायेत ना?" सासरे खाली मान घालून म्हणाले, "ते चालत नाईत जावईबापू, ते शपथेचे हायेत." विकत आणलेल्या कोंबड्याचा रस्सा अंगणात पंगतीला वाढला, तेव्हा शपथेचे चौघे पानांच्या आजूबाजूला शितं टिपत हिंडत होते. जावयाला त्या दिवशी घास गोड लागला नसावा.

आता माझ्या घरची गोष्ट. ती सांगितल्याशिवाय शेठजी पुरते सांगून होणार नाहीत.

माझे सासरे गेले आणि सासूबाई गावाहून, रोहण्याहून, आमच्याकडे राहायला आल्या. त्यांना आम्ही आत्याबाई म्हणायचो. रोहण्यात त्यांनी शेतीच्या घराचा पसारा सांभाळलेला. अंगणातून हाक मारली तर वेशीपर्यंत जायची असा आवाज. तो आवाज त्या तिकडेच ठेवून आल्या होत्या. घराला कुलूप लागलं, गाय विकली, कोंबड्या शेजारणीला दिल्या. आमच्या घरी त्या खाटेवर बसून असत. वाढलं तेवढं जेवायच्या, विचारलं तर "हाव" किंवा "नाई". खाटेच्या पायाशी वायरची विणलेली पिशवी. त्यात दोन लुगडी, देवाचा टाक आणि रोहण्याच्या घराची किल्ली. ती पिशवी त्यांनी रिकामी केलीच नाही.

मी सकाळी कचेरीत जायची, नवरा शाळेत शिकवायला. दिवसभर माझं अर्धं लक्ष त्या पिशवीकडे. एक दिवस घरी यावं आणि खाट रिकामी दिसावी, बाई एकटीच त्या कुलपाच्या घरात जाऊन पडलेली असावी, अशी धास्ती आम्हा दोघांना होती. त्यांना जगायची ओढ राहिलेलीच नाही, हे आम्हाला दिसत होतं आणि त्यावर काय करावं ते सुचत नव्हतं.

त्याच दिवसांत शेठजींनी पेटी पुन्हा लावली. या वेळी मोठ्या तयारीने.

"पह्यला माल हलका होता, सूनबाई," ते मला म्हणाले. "लहान-मोठा, मळकट, एकाचा रंग दुसऱ्याले नाई. आता पाहजा, एक नंबर माल आणला." तीन आठवडे झाले, चार झाले. दुकानाच्या ओट्यावर बसणाऱ्या काही जणांना गोम कळली होती. पण शेठजींना सांगून आपली करमणूक कोण घालवणार?

एका रविवारी मी आत्याबाईंना मीठ आणायच्या निमित्ताने जबरदस्तीने सोबत नेलं. शेठजी अंडं कानाला लावून हिरमुसले बसले होते. "काऊन कोणी बोलत नाई?" ते अंड्याला विचारत होते.

आत्याबाईंनी ते अंडं पाहिलं. पांढरंशुभ्र, गुळगुळीत. पेटीतली बाकीचीही तशीच, एका साच्यातली. त्यांनी पदर तोंडाशी नेला.

"कुठून आणली वो ही?"

"पोल्ट्रीतून. एकदम ताजी. एकेक पारखून घेतलं."

"तिथी कोंबडा पाह्यला काय तुम्ही?"

"कोंबडा?" शेठजी बुचकळ्यात पडले. "कोंबड्याचं काय काम, मावशी? अंडं तं कोंबडी देते."

आत्याबाई अगदी शांतपणे म्हणाल्या, "शेठजी, तुम्हाले लेकरं हायेत ना?"

"हाव. दोन पोरी."

"मंग?"

शेठजींचा चेहरा आधी कोरा होता. मग गंधाखालून लाली सुरू झाली आणि कानांच्या पाळ्यांपर्यंत पोचली. मागच्या दाराआड काकूंचं हसू फुटलं. आणि माझ्या शेजारून एक आवाज आला, जो मी कित्येक महिन्यांत ऐकला नव्हता. आत्याबाई हसत होत्या. तराजूची दांडी धरून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत, वेशीपर्यंत जाईल अशा आवाजात. मला तिथल्या तिथे रडू आलं. मिठाच्या पोत्याआड तोंड फिरवून मी ते लपवलं.

सगळ्यांत जास्त हसले शेठजीच. स्वतःवर असं मोकळं हसणारा दुकानदार मी दुसरा पाहिला नाही. हसू ओसरल्यावर त्यांनी हात जोडले. "मावशी, उद्यापासून रोज येजा. माल तुम्ही पारखाचा, लाईटबिल माह्यं."

आणि आत्याबाई खरंच जाऊ लागल्या. ती पांढरी अंडी त्यांनी आधी दूर नेऊन पुरायला लावली. पेटीतून काढताना एक फुटलं, आणि त्या वासाने दोन दिवस दुकानात गिऱ्हाईक फिरकलं नाही. मग खेड्यावरून गावरान अंडी आली. अंडं किती गरम आहे ते हाताला नीट कळत नाही. ते मिटलेल्या डोळ्याच्या पापणीवर टेकवायचं, हे आत्याबाईंनी शिकवलं. विजा कडाडल्या तर आतलं पिल्लू दगावू नये म्हणून अंड्यांत लोखंड ठेवायची गावाकडे रीत. आत्याबाईंनी खिळा मागितला. शेठजी म्हणाले, "खिया कायले? हे घ्या," आणि अर्ध्या किलोचं वजनच पेटीत ठेवलं. तेव्हापासून त्या दुकानात अर्धा किलो माल पाव किलोच्या दोन वजनांनी मोजला जायचा.

दोघांची भांडणंही होत. शेठजींना धीर नव्हता. दिवसातून दहा वेळा पोतं उचलायचे. "झाकण ठेवा! हंडी हाय काय ते, डाव घालून पाहाले?" आत्याबाईंचा आवाज आमच्या स्वयंपाकघरात ऐकू यायचा. मी पोळ्या लाटता लाटता थांबून तो ऐकायची.

पिशवी मात्र खाटेच्या पायाशी तशीच होती.

पुढच्या थंडीत रोहण्याची शेजारीण काही कामाने वर्ध्याला आली आणि भेटून गेली. बोलता बोलता तिने सांगितलं की आत्याबाईंची तुरेवाली कोंबडी अजून रोज संध्याकाळी जुन्या घराच्या पायरीवर जाऊन बसते. उचलून आणावी लागते. शेजारीण सहज बोलून गेली. त्या संध्याकाळी आत्याबाई जेवल्या नाहीत. सकाळी पिशवी खाटेवर होती आणि त्या माझ्या नवऱ्याला सांगत होत्या, "मले रोहण्याले सोडून दे. माह्यं ध्यान नाई लागत इथी."

नवऱ्याने समजावलं. मी समजावलं. शेवटी रविवारी नेऊन सोडायचं कबूल करावं लागलं. हे मी शेठजींना सांगितलं. मला द्यायची तूरडाळ त्यांनी कागदात बांधली आणि दोरा गुंडाळतच राहिले.

दुसऱ्या दिवशी दुकान बंद. सणावारालाही अर्धी फळी उघडी ठेवणारा माणूस, आणि शटर खाली. काकूंना विचारलं तर त्या चिडलेल्या. "सांगून गेले नाईत. माह्या माहेरचा पितळी डबा बी घेऊन गेले, डाळीसकट!"

संध्याकाळी शेठजी आमच्या फाटकात उभे राहिले. अंगावर एस.टी.ची धूळ, आणि दोन्ही हातांनी पोटाशी धरलेला पितळी डबा. पुलगावला गाडी बदलून रोहण्यापर्यंत गेले होते आणि तसेच परत आले होते. रस्ताभर डबा मांडीवर, खड्डा आला की वर उचललेला. त्यांनी डबा आत्याबाईंच्या पुढ्यात ठेवला आणि झाकण काढलं. काकूंच्या तूरडाळीत अंडी रोवलेली होती.

"मावशी, तुमच्या तुरेवालीले म्हटलं, चाल बाई," ते म्हणाले. "ती म्हणे, मी म्हातारी झाली, मी काई येत नाई. लेकरं घेऊन जाजा म्हणे."

आत्याबाईंनी एक अंडं उचलून पापणीला टेकवलं. ते गारच असणार. तरी त्यांनी ते तसंच धरून ठेवलं.

"पिल्लं निंघाली का जाईन," त्या म्हणाल्या. रविवार टळला.

डब्याचं काय झालं ते सांगायला हवं. काकूंनी डाळ गाईला घातली आणि डब्याला कायमचं स्वयंपाकघराबाहेर काढलं. तो दुकानात फळीवर पडून राहिला. माहेरची वस्तू म्हणून त्यांना वाईट वाटलं होतं, आणि शेठजी पुढे कितीतरी दिवस काकूंनी विचारल्याशिवाय चहासुद्धा मागत नव्हते.

अंडी पेटीत गेली. आणि पिल्लं निघायला अगदी थोडे दिवस उरले असताना सकाळी मोठा आवाज झाला आणि वस्तीची विजेची डीपी जळली. लाईन गेली. वर आभाळ, अंगाला झोंबणारा वारा. लाईनमन म्हणाला, आज होईल की उद्या, सांगता येत नाही. बल्ब विझलेल्या पेटीपुढे आत्याबाई बसल्या होत्या. ती अंडी गेली असती तर त्यांच्यामागे पिशवीही गेली असती, हे मला पक्कं माहीत होतं.

शेठजी रस्त्यावर उतरले आणि घरोघर गेले. ज्याच्या घरी शपथेचा कोंबडा होता त्या प्रत्येक घरातून बाटलीत गरम पाणी आलं. औषधाच्या बाटल्या, सरबताच्या बाटल्या, फडक्यांत गुंडाळलेल्या. आत्याबाई एकेक बाटली अंड्यांच्या कडेने लावायच्या, पापणीने ऊब तपासायच्या, निवलेली बाटली काढून द्यायच्या. मी रजा टाकली आणि बाटल्यांच्या फेऱ्या केल्या. दुपारी पाहिलं तर मागच्या दाराच्या उंबऱ्यावर वाफाळतं पातेलं ठेवलेलं. काकू दाराच्या आतच उभ्या होत्या. "पाण्याले काई शिवत नाई," त्या दुसरीकडे पाहत म्हणाल्या, आणि दुसरं पातेलं चढवायला आत गेल्या.

दिवेलागणीला लाईन आली.

पिल्लं निघाली. सगळी नाही, पण निघाली. शेवटी एक अंडं राहिलं. त्याला भोक पडलेलं, चोच दिसत होती, पण पुढे काही होईना. चोच हलायची, थांबायची. शेठजींचं नख पुढे सरकलं.

"हात लावू नका!"

"थकलं वो ते, मावशी. जरासं फोडतो."

"थकू द्या. तुम्ही फोडलं तं रगत येईन, मरून जाईन ते. त्याचं त्याले येऊ द्या."

शेठजींना बघवेना. ते भिंतीकडे तोंड करून बसले आणि तिकडूनच विचारत राहिले, "आलं काय? आता आलं काय?" आत्याबाई पेटीवर वाकल्या होत्या आणि पिल्लाशी हळू आवाजात बोलत होत्या. "ये, बाई. इथी बी चांगलं हाय. दाणे हायेत, माणसं हायेत. ये." मी दाराशी उभी होते. त्या कोणाला सांगत होत्या ते मला कळत होतं आणि मी जागची हलले नाही.

ते आलं. ओलं, दमलेलं, आणि डोक्यावर कापसाचं बोंड चिकटावं तसा पिसांचा पुंजका. तुरेवालीची लेक. शेठजींनी तिला कानाशी धरलं आणि तिचं नाव रोहणावाली ठेवलं.

पिल्लं सोडून आत्याबाईंना जाता येईना. घारीचं भय, मांजराचं भय. मग पिल्लं मोठी झाली, रोहणावालीच अंड्यावर आली. एके दिवशी कचेरीतून आले तर आत्याबाई भाजी घेऊन येत होत्या, आणि भाजी वायरच्या पिशवीत होती. घरात गेले तेव्हा त्यांची लुगडी माझ्या कपाटात, माझ्या साड्यांच्या शेजारी घडी करून ठेवलेली होती. किल्ली देवाजवळ.

त्यानंतर त्या आमच्याकडे वर्षानुवर्षं राहिल्या, आनंदाने राहिल्या. माझी मुलं त्यांच्या हाताखाली वाढली. हे सगळं आम्हाला एका परक्या माणसाने दिलं, काही न मागता. मी त्यांना एकदा विचारलं, "शेठजी, तुम्ही मुद्दामच गेला होतात ना रोहण्याला?" ते तराजू पुसत होते. म्हणाले, "सूनबाई, जाणाऱ्या गिऱ्हाइकाले नुसतं थांबा म्हटलं तं थांबत नाई. त्याच्या हातात काईतरी द्या लागते."

मग लोडशेडिंगचे दिवस आले. दिवसाचे कितीतरी तास लाईन नसायची, तेव्हा पेटी चालणार कशी? शेठजींनी बल्ब काढून घेतला आणि कोंबडी खुडूक झाली की, म्हणजे अंड्यांवर बसायला लागली की, तिलाच पेटीत बसवू लागले. रोहणावाली गेली, तिच्या लेकी-नाती त्या पेटीत बसल्या. शेठजी थकले होते. मागच्या नळापाशी आंघोळीला आता काकू पाणी तापवून देत.

एका उन्हाळ्यात, दुपारी दुकानात बसल्या बसल्याच ते गेले. हातात काही नव्हतं, त्रासही झाला नाही म्हणतात. वस्तीतल्या कोणाच्याही घरी त्या दिवशी चूल पेटली नाही. म्हातारे कोंबडे तेवढे आरवत होते. त्यांना कोणी हाकललं नाही.

तेरवी झाली. दुकानाचं शटर खालीच होतं. एके सकाळी मी अंगण झाडत असताना काकू फाटकात आल्या. इतक्या वर्षांत त्या कधी आल्या नव्हत्या. हातात तो पितळी डबा होता.

"कोंबडी मागच्या खिडकीतून येऊन दुकानातल्या पेटीत बसली वो," त्या म्हणाल्या. "इतके दिवस कोणी पाह्यलंच नाई. तिच्याखाली हे. मले यातलं काई समजत नाई. फेकाची म्हटलं तं हात होत नाई."

डब्यात तूरडाळ होती, आणि तूरडाळीत अंडी.

आत्याबाई खाटेवरून उठल्या. त्यांना आता नीट दिसत नव्हतं. चाचपत त्यांनी डब्यातून एक अंडं घेतलं. "डोये मिटा," त्या काकूंना म्हणाल्या. काकूंनी डोळे मिटले. त्या सकाळपर्यंत जन्मात अंड्याला न शिवलेली ती बाई, आणि आत्याबाईंनी ते अंडं तिच्या पापणीवर टेकवलं.

काकू तशाच उभ्या राहिल्या. मिटल्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि त्या ते पुसत नव्हत्या.

"गरम हाय," त्या म्हणाल्या.

"मंग चाला लवकर," आत्याबाई म्हणाल्या. "बसल्या कोंबडीखालून उचलतात काय कोणी? निवून जातीन."

खुंटीवरची वायरची पिशवी काढून त्यांनी काठीबरोबर हातात घेतली आणि काकूंचा दंड धरला. मी फाटक उघडून धरलं. दोघी सावकाश दुकानाकडे निघाल्या. काकूंनी डबा दोन्ही हातांनी पोटाशी धरला होता, आणि रस्त्यात खड्डा आला की तो थोडा वर उचलत होत्या.